पांढरं शिफॉन

बडोद्यातला लक्ष्मीविलास राजवाडा बांधून पुरा झाला १८९० साली आणि इंदिराराजे जन्मल्या १८९२ च्या फेब्रुवारीत. घर नवं होतं आणि त्या घरात मुलगी वाढवायची रीतही नवीच होती. सयाजीराव महाराज आणि दुसऱ्या चिमणाबाई राणीसाहेब यांची ही एकुलती एक मुलगी. ती पाळण्यात होती तेव्हा वडिलांनी अमरेली तालुक्यात सक्तीचं प्राथमिक शिक्षण सुरू केलं. ती चौदा वर्षांची झाली तेव्हा, १९०६ साली, ते सगळ्या राज्यात लागू झालं, मुलींसकट. बालविवाहाला आळा घालणारा कायदा १९०४ चा. अशा बापाच्या लेकीला पुस्तकं मिळाली, परदेशप्रवास मिळाला, आणि मोठ्यांच्या गप्पांत बसून आपलं मत सांगायची सवयही तिथेच लागली असणार.

एवढं सगळं देणाऱ्या आईवडिलांनी तिचं लग्न मात्र जुन्या हिशेबाने ठरवलं. स्थळ ग्वाल्हेरच्या माधवराव शिंद्यांचं. मराठेशाहीतली दोन मोठी घराणी एकत्र येणार, सगळीकडे आनंदीआनंद. माधवराव पंधरा वर्षांनी मोठे, घरात पहिली राणी होतीच, तिला मूल नव्हतं म्हणून ही दुसरी. सुधारक म्हणून देशभर ज्यांचं नाव होतं त्या महाराजांना आपल्या लेकीला सवतीवर देताना काय वाटलं असेल, हा प्रश्न मी बडोद्यात जन्मल्यापासून ज्या आदराने त्यांच्याकडे पाहत आले, त्या आदरानेच विचारते. त्यांच्याविषयीचं प्रेम त्याने कमी होत नाही.

मग आला १९११ चा डिसेंबर, दिल्ली दरबार. सयाजीरावांनी सम्राट पंचम जॉर्जपुढे एकदाच मान लववली आणि पाठ फिरवून ते परतले. त्यावरून इंग्लंडातल्या वर्तमानपत्रांनी आकाशपाताळ एक केलं, हे आपल्या सगळ्यांना ठाऊक आहे. त्याच थंडीत, त्याच दिल्लीत, त्यांची एकोणीस वर्षांची मुलगी कुचबिहारच्या छावणीत जाऊन-येऊन होती. तिथल्या राजकन्यांशी तिची मैत्री जमली, आणि त्यांचा भाऊ जितेंद्र तिला आवडला. तिने शिंद्यांना स्वतःच्या हाताने पत्र लिहिलं की हे लग्न मी करू इच्छित नाही. आईवडिलांना पत्ता नाही. लग्नाची तयारी चाललेली. ग्वाल्हेरहून महाराजांच्या नावे तार आली, राजकन्येच्या पत्राचा अर्थ काय, असं विचारणारी, तेव्हा वाड्याला कळलं. पुढे इंदिराराजेंची मुलगी गायत्रीदेवी यांनी आपल्या आठवणींच्या पुस्तकात आईची ही हकिकत लिहून ठेवली आहे.

बापाची ती पाठ फिरवणं आणि लेकीचं ते पत्र, या दोन्हींची जातकुळी मला एकच वाटते. फरक इतकाच की पहिल्याचं बडोद्याला आजही कौतुक आहे आणि दुसऱ्याचा उल्लेख झाला तर खालच्या आवाजात होतो. आणखी एक गोष्ट. चिमणाबाईंचं हिंदुस्थानी स्त्रियांच्या स्थितीवरचं इंग्रजी पुस्तक प्रसिद्ध झालं तेही १९११ सालीच. बायकांनी शिकावं, कामं करावीत, जगात वावरावं, असं त्या बाई तळमळीने सांगत होत्या. अखिल भारतीय महिला परिषदेचं पहिलं अधिवेशन १९२७ साली पुण्यात भरलं तेव्हा अध्यक्ष त्याच होत्या. पण लेकीने जगात वावरून आपला नवरा आपण निवडला, तेव्हा आईला ते सोसवलं नाही. कुचबिहारचं संस्थान छोटं, तेरा तोफांच्या सलामीचं. बडोद्याला एकवीस तोफा. घराणं मराठा नाही, ब्राह्मसमाजी. जितेंद्रची आई सुनीतीदेवी ही केशवचंद्र सेनांची मुलगी. शिवाय जितेंद्र धाकटा, म्हणजे गादीही नाही. नकाराला कारणं भरपूर होती.

दीड वर्षाहून जास्त ही ओढाताण चालली. ऑगस्ट १९१३ मध्ये लंडनमध्ये लग्न झालं, आईवडिलांच्या गैरहजेरीत. आणि काही दिवसांतच जितेंद्रचा थोरला भाऊ राजेंद्र वारला. जो धाकटा म्हणून नाकारला गेला होता तो राजा झाला आणि इंदिराराजे महाराणी.

त्याच उन्हाळ्यात, जुलै १९१३ मध्ये, बडोदा सरकारची दरमहा साडेअकरा पौंडांची शिष्यवृत्ती घेऊन भीमराव आंबेडकर न्यूयॉर्कला पोचले होते. एकाच खजिन्याच्या बळावर दोन तरुण माणसं त्या वर्षी समुद्रापार आपापलं आयुष्य घडवायला निघाली, असं म्हटलं तर गोड वाटेल, पण ते खरं नाही. चार वर्षांनी आंबेडकर बडोद्यात नोकरीला आले तेव्हा त्यांना या शहरात राहायला खोली मिळाली नाही. सयाजीबागेतल्या झाडाखाली बसून त्यांनी जो काळ काढला त्याची आठवण आता तिथे संकल्पभूमी म्हणून जपली जाते. महाराजांच्या कायद्यांचा हात शहरातल्या घराघरांत पोचत नव्हता. ज्याच्या पायाखाली जेवढी जमीन, तेवढंच त्याला मोकळं वावरता येत होतं. इंदिराराजेंच्या पायाखाली अख्खं राज्य होतं. ही गोष्ट विसरून त्यांच्याबद्दल लिहिणं मला जमणार नाही.

माझ्या आजोबांच्या थोरल्या बहिणीबद्दल मला इथे सांगायला हवं. आम्ही तिला आत्याआजी म्हणायचो. दांडिया बाजारातल्या आमच्या वाड्यात ती राहायची, माजघराच्या मागच्या खोलीत. इंदिराराजेंपेक्षा ती वर्षा-दोन वर्षांनी लहान. बालविवाहाचा कायदा आला त्याच्या आधीच तिचं लग्न होऊन गेलं होतं आणि कायदा आल्यावर लवकरच ती विधवा झाली. विधवेच्या पुनर्विवाहाला राज्यात कायद्याची मान्यता होती. आमच्या घरात नव्हती. मी पाहिली तेव्हा ती म्हातारी होती, डोकीवरून घट्ट ओढलेलं आलवण, तांबूस, काठ नसलेलं, धुऊन धुऊन विटलेलं. तिची दोन आलवणं होती. एक अंगावर, एक दांडीवर. सणाला आमच्यासाठी बटव्यातून रेशमाच्या चिंध्या काढून ती बाहुल्यांना लुगडी नेसवायची. कुठल्या रंगाला कुठला काठ हे तिच्याइतकं कुणाला कळत नव्हतं. जांभळ्याला ती कधी तांबडा काठ लावू द्यायची नाही, मोरपंखीच. एवढी नजर असलेल्या बाईने सगळा जन्म एका विटक्या रंगात काढला, याचा राग मला त्या वयात आला नव्हता. आता येतो.

आता १९२२ कडे या. डिसेंबरात लंडनमध्ये जितेंद्र नारायण वारले, वय छत्तीस. इंदिराराजे तिशीच्या. पदरात पाच मुलं, इला, जगद्दीपेंद्र, इंद्रजितेंद्र, गायत्री आणि मेनका. धाकटी तर अजून तान्ह्यातून नुकती बाहेर आलेली. हिंदुस्थानला परततानाच्या बोटीवर आई नखशिखांत पांढऱ्या कपड्यांत होती आणि रडत केबिनमध्ये दार लावून बसायची, ही गायत्रीदेवींची लहानपणीची आठवण आहे. सात वर्षांचा मुलगा गादीवर आला आणि त्याच्या वतीने कारभार आईच्या हाती, तो मुलगा सज्ञान होईपर्यंत, १९३६ पर्यंत.

विधवेला पांढरं आलं. ते त्यांनी टाकून दिलं नाही. पण ते पांढरं कसं असावं, हे त्यांनी ठरवलं. फ्रान्समधून साडीच्या पन्ह्याचं शिफॉन त्यांनी खास विणून घेतलं असं सांगतात, आणि शिफॉनची साडी हिंदुस्थानात पहिल्यांदा आणली ती त्यांनीच, असं त्यांच्या लेकीने लिहिलं आहे. जे कापड युरोपात झग्यांसाठी आणि गळ्याभोवतीच्या रुमालांसाठी होतं, ते त्यांनी निऱ्या घालून नेसलं.

हे कापड हातात घेऊन पाहावं. शिफॉनचं सूत अतिशय बारीक आणि त्याला पीळ फार जास्त. एक धागा उजव्या पिळाचा तर शेजारचा डाव्या. विणून धुतलं की दोन्ही पीळ आपापल्या दिशेला ओढ घेतात आणि कापडभर अगदी सूक्ष्म सुरकुती उभी राहते. डोळ्यांना ती जेमतेम दिसते, बोटांना लगेच कळते. त्या सुरकुतीमुळे कापड अंगाला चिकटून बसत नाही, हलत राहतं. चिमणाबाईंची पिढी नऊवारीतली. काष्टा घातला की बाई धावू शकते, घोड्यावर बसू शकते, परकराची गरज नाही. त्या नेसण्याची ऐट वेगळी आणि ती मला फार प्रिय आहे. पण भरजरी नऊवारी अंगावर घालून दिवसभर वावरणं म्हणजे घराण्याचं सगळं वजन खांद्यावर घेऊन वावरणं. शिफॉनला वजनच नाही. त्याच्या निऱ्या एका जागी राहत नाहीत, पदर सरकतो, आतला परकर साटिनचा आणि त्याच रंगाचा लागतो, नाहीतर सगळं फसतं. नेसणारीला स्वतःच्या अंगाचं पुरतं भान ठेवावं लागतं. जरीपाशी डोळा अडकतो, शिफॉनमध्ये तो बाईकडे जातो. विधवेकडे कुणी पाहू नये म्हणून तिला बिनकाठाचं नेसवायचं, हा जो आमच्याकडचा कावा, त्याला इंदिराराजेंनी बिनकाठाच्याच कापडाने उत्तर दिलं, असं मी त्यांच्या छायाचित्रांकडे बघताना समजते. त्यांच्या मनात नेमकं हेच होतं असा माझा दावा नाही. आत्याआजीच्या घरातून आलेल्या मुलीला त्या छायाचित्रांत हेच दिसतं.

पुढचं आयुष्य त्यांनी थाटात काढलं. कलकत्त्यातलं वुडलँड्स, दार्जिलिंगचं घर, लंडन, पॅरिस. त्यांच्या मेजवान्यांची चर्चा दोन खंडांत होती. एका आचाऱ्याला त्यांनी रोममधल्या अल्फ्रेडोच्या खानावळीत नेलं, लझान्याची चव कशी असते ते त्याला कळावं म्हणून. फ्लॉरेन्सच्या साल्वातोरे फेरागामोकडे त्यांनी शंभरावर जोडे करायला टाकले. जोड्यांवर जडवायला हिरे-मोती स्वतःच्या पेटीतले पाठवले. फेरागामोने आपल्या आत्मचरित्रात हे लिहिलंय. हिरव्या मखमलीचा एक जोड, टाचेवर मोत्यांची वळत जाणारी ओळ. मी या जोड्यांवर बराच विचार केला आहे. शंभर जोडे कशाला, हा प्रश्न साधा आहे आणि त्याचं समाधानकारक उत्तर नाही. पैसा कुचबिहारच्या आणि बडोद्याच्या रयतेच्या साऱ्यातून आलेला होता. धान्य, ताग, तंबाखू, कापूस पिकवणाऱ्या माणसांच्या घामातून टाचेवर मोत्यांची ओळ चढली. हे झाकून त्यांना नुसतं रसिक म्हणणं मला अन्यायाचं वाटतं, आणि त्यांना नुसतं उधळ्या म्हणून निकालात काढणंही. त्यांच्या काळातल्या राजेलोकांनी मोटारी, शिकारी, पोलोची घोडी आणि कुत्री यांवर जे पैसे घातले त्याला शौक म्हणायचं आणि बाईने जोडे घेतले की उधळपट्टी, हा मापदंड मी मानत नाही. खर्च दोघांचाही एकाच तागडीत घाला.

बडोद्याच्या खजिन्याला वैभवाची जुनी परंपरा होती. खंडेराव महाराजांच्या वेळचा मोत्यांचा गालिचा २००९ साली दोहा इथे लिलावात गेला. त्याच खजिन्यातले पुष्कळसे दागिने पुढे दुसऱ्या एका स्त्रीबरोबर देशाबाहेर पडले. ती सीतादेवी, पिठापुरमच्या जमीनदार राजघराण्यातली, १९४३ साली बडोद्याच्या प्रतापसिंहराव महाराजांची दुसरी राणी झालेली. मोनॅकोत तिचं घर, पॅरिसच्या व्हॅन क्लीफ अँड आर्पेल्सकडून घडवून घेतलेले हार. तिचे पायातले दागिने न्यूयॉर्कच्या जवाहिऱ्याने विकत घेऊन गळ्यातला हार केला, आणि तो डचेस ऑफ विंडसरच्या गळ्यात पाहून सीतादेवी भर मेजवानीत म्हणाली की हे तर माझ्या पायातलं, अशी हकिकत अजून सांगतात. सीतादेवीचंही आयुष्य सोपं नव्हतं. एकुलता एक मुलगा तिच्या डोळ्यांदेखत गेला. तिच्याबद्दल मला कटुता नाही. पण तिच्या फॅशनमधून बडोद्याच्या बाईच्या हाती काय आलं? हार एकाच गळ्यात मावतो. विकला तरी दुसऱ्या एकाच गळ्यात जातो. इंदिराराजेंनी जी गोष्ट केली ती नेसण्याची रीत होती, आणि रीत कुणालाही उचलता येते. त्यांच्या एकूण श्रीमंतीतली हीच एक चीज अशी होती जी वाटली गेली.

लगेच नाही. आधी ती दुसऱ्या राण्यांनी उचलली, मग मुंबई-कलकत्त्याच्या बॅरिस्टरांच्या बायकांनी, मग नट्यांनी. गायत्रीदेवी जयपूरला गेल्या त्या आईची शिफॉनं घेऊनच, आणि पुढे निवडणुकीच्या प्रचारात, राजस्थानच्या धुळीत, त्याच साड्यांमध्ये फिरल्या. आमच्या घरात ती आली नायलॉनच्या रूपाने. आईने पहिली नायलॉनची साडी घेतली तेव्हा आजीने ती हातात धरून दिव्यापुढे आरपार पाहिली आणि काही न बोलता परत दिली. त्यानंतर आपलं सुरत कामाला लागलं. रेशमाचं जे कापड महाराणीने फ्रान्समधून आणवलं, तसं दिसणारं कापड सुरतेच्या मागांवर कृत्रिम धाग्याचं इतकं स्वस्त निघू लागलं की शाळेतल्या बाईपासून भाजीवालीपर्यंत प्रत्येकीच्या दांडीवर ते वाळायला लागलं. ‘चांदनी’ सिनेमातल्या श्रीदेवीची शिफॉनं पाहून साऱ्या हिंदुस्थानाने पुन्हा एकदा खरेदी केली. खरं शिफॉन आणि सुरतेचं शिफॉन यांत जमीन-अस्मानाचा फरक आहे, हे कापडातल्या जाणकाराने सांगायला नको. सुरतेचं उन्हात तापतं, घाम पीत नाही. पण ते धुवायला सोपं, इस्त्री लागत नाही, आणि सकाळी साडेसातची बस गाठायची असेल तर तेच बरं पडतं. माझ्या आईने नोकरीची सगळी वर्षं त्यातच काढली.

बाबा गेले त्या वर्षी आईचा एक पेच झाला होता. तिच्या कपाटात एक जर्दाळूच्या रंगाचं शिफॉन होतं, खरं, रेशमी, बाबांनीच आणलेलं. ते नेसावं का, हे तिने मला विचारलं नाही. तिने थोरल्या काकूला विचारलं. काकू आत्याआजीच्या हाताखाली वाढलेली, आम्हाला वाटलं आता ही नाही म्हणणार. काकू म्हणाली, "नेस गं. दादांनी आणलंय ते कपाटात ठेवायला नाही." आई ते नेसली, आणि मग सगळ्या साड्या नेसली, एक हिरवा शालू सोडून. तो तिने नाही नेसला आणि आम्हीही आग्रह केला नाही.

कुणी म्हणेल, हे सगळं जुनं झालं. शिरोळ तालुक्यातल्या हेरवाडच्या ग्रामपंचायतीला विधवांच्या बांगड्या फोडणं, कुंकू पुसणं बंद करण्याचा ठराव करावा लागला तो मे २०२२ मध्ये. १९२२ ला बरोबर शंभर वर्षं होत होती. त्या ठरावाची बातमी मी आमच्या सोसायटीतल्या बायकांना वाचून दाखवली तेव्हा दोघी-तिघी गप्प झाल्या, आणि त्या शिकलेल्या, बँकांत, शाळांत आयुष्य काढलेल्या बायका आहेत.

आम्ही आता वासणा रोडला राहतो. दांडिया बाजार, रावपुरा, बाबाजीपुऱ्यातली बरीच मराठी घरं गेल्या काही वर्षांत विश्वामित्रीच्या अलीकडे आली, आमच्यासारखी. वाडे विकले गेले, बिल्डरने टॉवर उभे केले, आणि पोळातलं एकमेकांच्या ओट्यावर बसणं संपून आता लिफ्टमध्ये भेटणं होतं. लग्नसराईत इथल्या बुटिकांच्या काचेआड पेस्टल रंगांची शिफॉनं लागतात, मोत्यांची बारीक किनार लावून. या गावच्या एका मुलीने ही वाट पाडली, हे त्या काचेपुढे उभ्या असलेल्या मुलींना कुणी तरी सांगायला हवं. तिने दिल्लीहून जे पत्र लिहिलं तेही सांगायला हवं, आणि मोत्यांच्या ओळीचा हिशेबही. बडोद्यात लक्ष्मीविलासबद्दल, रविवर्म्याच्या चित्रांबद्दल, दरबार हॉलच्या खिडक्यांबद्दल भरभरून बोलणारी माणसं पावलोपावली भेटतात. इंदिराराजे १९६८ साली मुंबईत वारल्या, एवढंसुद्धा त्यांतल्या फार थोड्यांना ठाऊक असतं.

समोरच्या फ्लॅटमधल्या वहिनींचे यजमान दिवाळीच्या आधी गेले. येत्या वैशाखात त्यांच्या नातीचं लग्न आहे. वहिनींनी मला घरी बोलावून पलंगावर साड्या पसरल्या. करडी, फिकट निळी, ऑफ व्हाईट, सगळ्या अशा की मंडपात कुणाचं लक्ष जाणार नाही. मी कपाटाच्या वरच्या कप्प्यातली राणी रंगाची काढली. "ही नको हो, लोक काय म्हणतील," वहिनी म्हणाल्या. नात दारातच उभी होती. ती म्हणाली, "आजी, तू हीच नेसायचीस, नाहीतर मी तुझ्याबरोबर फोटोच काढणार नाही." वहिनी बराच वेळ पदरावरून हात फिरवत बसल्या. मग म्हणाल्या, ब्लाउज घट्ट होईल, दोन वर्षांत अंग भरलंय. शिलाईची मार्जिन आत आहे, मी बघून ठेवलीय. उद्या अकराला आम्ही दोघी मिळून शिंप्याकडे जातोय, फॉल पण उसवलाय तो बदलून घ्यायचा आहे.